रविवारपर्यंत वाचायला हवं

आमच्या इमारतीत माझ्याबद्दल असा समज आहे, की हा माणूस कुठलीही गोष्ट हौसेने सुरू करतो आणि अर्ध्यावर सोडून देतो. हे धादांत खोटं आहे. मी आजवर काहीही सोडलेलं नाही. गोष्टीच मला सोडून जातात. पाणीपुरवठा खात्यातून निवृत्त झाल्यावर मी जलरंग शिकायला घेतले, तर शिकवणारे गृहस्थच गाव सोडून गेले. (जाण्यापूर्वी त्यांनी माझी चित्रं पाहिली होती, पण या दोन गोष्टींचा संबंध जोडायचं काही कारण नाही.) मग बासरी घेतली. तर समोरच्या वहिनी रोज संध्याकाळी दार वाजवून विचारायला लागल्या, "भाऊजी, किटली गॅसवर विसरलात का?" अशा वातावरणात कला टिकत नाही.

म्हणून या खेपेला समाजशास्त्राच्या वर्गात नाव घातलं, तेव्हा बायकोखेरीज कोणाला पत्ता लागू द्यायचा नाही असं मी ठरवलं. प्रमाणपत्र हातात पडलं की ते चौकटीत घालून दर्शनी भिंतीवर लावायचं आणि कोणी विचारलं तर "हं, ते होय," एवढंच म्हणून विषय बदलायचा. या "हं, ते होय"चा मी आरशासमोर सरावही करून ठेवला होता.

वर्ग भरतो दर रविवारी, एका शाळेतल्या बालवर्गाच्या खोलीत. बाकंही बालवर्गाचीच. त्यावर बसलं की गुडघे हनुवटीपर्यंत येतात आणि समोरच्या भिंतीवरचा कागदी ससा सरळ आपल्या डोळ्यांत बघतो. शिकवायला एक तरुण मॅडम आहेत. पहिल्या दिवशी त्यांनी या शास्त्राचा पाया घालणाऱ्या एका आद्य विचारवंतांची ओळख करून दिली. परदेशी गृहस्थ. त्यांचं नाव मॅडम नाकातून आणि घशातून एकाच वेळी काढतात. मी घरी येऊन प्रयत्न केला, तर बायकोने गुळण्या करायला कोमट पाणी आणून दिलं. तेव्हापासून मी त्यांना नुसतं 'आद्य' म्हणतो. त्यात आदरही राहतो आणि घसाही.

आद्यांवर वाचण्यासारखं पुष्कळ आहे. काय आधी वाचावं, काय मागून वाचावं आणि काय 'जमल्यास' वाचावं, हे मॅडमनी फळ्यावर लिहून दिलं. 'जमल्यास' हा भाग मला सर्वांत पटला. पण मॅडम म्हणाल्या, की या शिफारशीतलं एकेक पुस्तक एकेकाने वाटून घ्यायचं आणि पुढच्या रविवारी वर्गासमोर उभं राहून सांगायचं: यात काय आहे, आणि हे कोणी वाचावं. जो सांगणार नाही त्याचं नाव पुढच्या सत्रात राहणार नाही. बँकेतल्या एका बाईंना श्रमविभागणी मिळाली. औषधाच्या दुकानदाराला धर्म मिळाला. मग मॅडम माझ्याकडे बघून प्रेमाने म्हणाल्या, "काका, तुम्ही आत्महत्या घ्या."

झालं होतं असं, की माणसं जीव का देतात याचा आद्यांनी मोठा अभ्यास केला होता. आपल्याला वाटतं ही ज्याच्या त्याच्या मनातली गोष्ट, पण आद्यांचं म्हणणं, त्यामागे समाजही असतो. "कसा, ते पुस्तकात वाचा," मॅडम म्हणाल्या. शिफारशीत होतं ते त्या अभ्यासाची ओळख करून देणारं, सोप्या भाषेतलं पुस्तक. सोप्या भाषेतली पुस्तकं एवढी जाड का असतात, यावरही कोणीतरी अभ्यास करायला हवा.

बायको त्याच सुमाराला तिच्या बहिणीकडे गेली होती. बहिणीचा पाय मोडला होता. म्हणजे घर रिकामं, वेळ भरपूर, डोक्याला ताप नाही. मी खुशीत सार्वजनिक वाचनालयात गेलो.

तिथल्या कारकुनाने विचारलं, "कशावरचं पुस्तक?"

"समाजशास्त्र."

"कुठल्या समाजाचं?"

"कुठल्याच नाही. म्हणजे, सगळ्यांच्याच."

"असं नसतं हो. प्रत्येक समाज आपापलं पुस्तक काढतो. सगळ्यांचं मिळून एक कोण काढणार?" त्याचा हा मुद्दा आद्यांनाही विचार करायला लावणारा होता, पण मला घाई होती. मी खिडकीत वाकून हळूच विषय सांगितला.

"मोठ्याने बोला. पंखा चालू आहे."

"आत्महत्या!" मी म्हणालो. आणि त्याच क्षणी वीज गेली. पंखा थांबला. वाचनकक्षातल्या सगळ्या वर्तमानपत्रांच्या वरच्या कडेला डोळे उगवले.

कारकून मात्र मुळीच विचलित झाला नाही. "म्हणजे 'आत्म'च्या कपाटात," तो म्हणाला. त्या वाचनालयात आत्मचरित्र, आत्मज्ञान, आत्मविश्वास, आत्मसंरक्षण आणि आत्महत्या हे सगळं एकाच कपाटात ठेवतात. शोधायला सोपं पडतं म्हणे. कपाटाला कुलूप होतं. किल्ली मोठ्या साहेबांकडे, आणि साहेब चहाला. साहेब आल्यावर म्हणाले, कुलपातलं पुस्तक हवं तर कारण सांगावं लागेल. मी सांगितलं, "वाचायचंय." साहेब म्हणाले, हे कारण आजवर कोणी दिलेलं नाही. त्यांनी माझ्याकडे वरून खाली पाहिलं आणि शेवटी पुस्तक काढून दिलं.

"परत कधी?" कारकुनाने विचारलं.

"रविवारी संपवायचंच आहे. काही झालं तरी रविवारी."

"तुम्ही स्वतः येणार ना परत करायला?"

वाचनालयाच्या पायऱ्या चढून माझे गुडघे धरले होते. मी म्हणालो, "माझं काही सांगता येत नाही. बायको आणून देईल."

मागे काहीतरी पडल्याचा आवाज झाला. वळून बघतो, तर पाककृतींची मासिकं बदलायला आलेल्या समोरच्या वहिनी. मासिकं जमिनीवर, चेहरा पांढराफटक.

"भाऊजी… तुम्ही?"

माझं गुपित फुटतंय हे बघून मी पुस्तक पाठीमागे लपवलं. "काही नाही, काही नाही. वहिनी, एक विनंती आहे. हे कोणाला सांगू नका." आता आमच्या वहिनींना 'कोणाला सांगू नका' असं सांगणं म्हणजे काय, ते मला इतक्या वर्षांच्या शेजारानंतर कळायला हवं होतं. पण त्या नुसत्या मान हलवून निघून गेल्या. अगदी मऊ आवाजात "जपा हं," म्हणाल्या. मला वाटलं, पायऱ्यांबद्दल म्हणतायत.

संध्याकाळी बायकोचा फोन आला. आमच्याकडे फोनचा आवाज फक्त गॅलरीत नीट येतो, आणि आमच्या व वहिनींच्या गॅलरीत एक कुंडी मावेल एवढंच अंतर आहे. बायकोने विचारलं, किती वाचून झालं. मी पहिल्या पानावर होतो. म्हणालो, "रविवारपर्यंत वाचायला हवं गं. पण काही खरं नाही माझं." ती म्हणाली, नेट धरा. मी म्हणालो, "छे, आता संपवूनच टाकतो एकदाचं. म्हणजे मीही सुटलो आणि तूही सुटलीस."

या वाक्याला वहिनींच्या हातातली झारी सुटली. खाली आमच्या इमारतीचे सेक्रेटरी उभे होते, ते नखशिखान्त भिजले. ते तरातरा जिना चढून भांडायला वर आले. वहिनींच्या दारात दोन-चार वाक्यं मोठ्याने बोलले, मग त्यांचा आवाज एकाएकी खाली आला आणि बराच वेळ कुजबुज चालली. मी मनात म्हणालो, मिटलं वाटतं. शेजारी समजुतीने वागले की मला फार बरं वाटतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सेक्रेटरी माझ्याकडे हसत आले. सेक्रेटरी हसतात ते फक्त कोणाची गाडी चुकीच्या जागी लावलेली सापडली की. मी धास्तावलो. ते खुर्ची माझ्याजवळ ओढून बसले, माझा हात हातात घेतला आणि म्हणाले, "साहेब, आयुष्य सुंदर आहे."

"कोणाचं?" मी विचारलं.

त्यांनी खिडकीबाहेर बोट केलं. "बघा ना, काय मस्त आहे सगळं!" बाहेर कचऱ्याचा पिंप होता आणि त्याला टेकवलेली त्यांचीच स्कूटर. मी सौजन्य म्हणून मान डोलावली. तेवढ्यात त्यांनी जाहीर केलं, की आजपासून मी इमारतीच्या पाण्याच्या टाकीचा प्रमुख. "तुम्ही पाणीपुरवठ्यातले. तुमच्याशिवाय या टाकीला कोण आहे?" आदल्याच महिन्यात मी टाकीबद्दल एक सूचना केली होती, तेव्हा हेच गृहस्थ म्हणाले होते की निवृत्त माणसाने घरी बसावं. मी हरखलो. तो दिवस टाकी बघण्यात गेला. पुस्तक पहिल्याच पानावर राहिलं.

मग वहिनी आल्या, दातांच्या डॉक्टरांना घेऊन. आमच्या इमारतीत डॉक्टर एकच, आणि ते दातांचे. पण वेळप्रसंगी शेजारी एवढं बारीक बघत नाहीत.

"काका, कुठे दुखतंय?"

"कुठेच नाही."

डॉक्टरांनी वहिनींकडे सूचक पाहिलं. "झोप?"

"पुस्तक हातात घेतलं की लगेच लागते."

"कुठलं पुस्तक?" वहिनींनी विचारलं. मी छताच्या पंख्याकडे बघितलं. डॉक्टर पुढे काय विचारावं या विवंचनेत पडले आणि शेवटी त्यांना येत होतं ते म्हणाले, "तोंड उघडा बघू." उघडलं. त्यांचा चेहरा एकदम खुलला. माझी अक्कलदाढ किडलेली निघाली. नको नको म्हणत असताना त्यांनी मला खालच्या दवाखान्यात नेलं, दाढ काढली, गालात कापूस कोंबला आणि उद्यापर्यंत अवाक्षर बोलायचं नाही अशी ताकीद दिली. सुजलेला गाल घेऊन वर आलो तर माझं दार उघडं. किल्ली वहिनींकडे असतेच. वहिनींनी जेवण झाकून ठेवलं होतं, घर झाडलं होतं, आणि 'पाण्याच्या पंपाची देखभाल' असं कव्हर घालून उशीखाली ठेवलेलं माझं पुस्तक गायब होतं. त्या जागी एक हसऱ्या सूर्याचं चित्र होतं.

मागाहून कळलं, ते असं. जिन्यातच तातडीची सभा झाली होती आणि पुस्तक जप्त करण्याचा ठराव सर्वानुमते मंजूर झाला होता. जप्त माल ठेवायला वरच्या मजल्यावरच्या ऑडिटरसाहेबांकडे दिला होता. निवड अचूक होती. वाऱ्याने उडालेले टॉवेल असोत की गच्चीवर गेलेले चेंडू, ऑडिटरांच्या ताब्यात गेलेली वस्तू परत आलेली कोणी पाहिलेली नाही. गृहस्थ एकटेच राहतात, कोणाशी बोलत नाहीत. बोलले तर त्यात चूक दाखवलेली असते. इमारतीच्या सभेत ते फक्त 'हरकत' एवढाच शब्द उच्चारतात.

मी वर गेलो. गालात कापूस होता, म्हणून हातवारे करून पुस्तक मागितलं.

"तपासणी चालू आहे," ऑडिटर म्हणाले.

मी हातवारे करून विचारलं, कसली तपासणी? ते वाचनालयाचं आहे!

"पूर्ण झाली की कळवू." आणि दार बंद.

आता कोणीही शहाणा वाचक विचारेल, की दुसऱ्या दिवशी कापूस निघाल्यावर मी एका वाक्यात खुलासा का केला नाही? 'अहो, मी विद्यार्थी आहे, वर्गाचं पुस्तक आहे,' एवढं म्हणायला काय झालं होतं? झालं नव्हतं काहीच. पण कल्पना करा. सेक्रेटरी, डॉक्टर, वहिनी समोर बसलेले, आणि पांढऱ्या केसांचा मी सांगतोय की मला बाईंनी गृहपाठ दिलाय. आणि मग रविवारी मी काही सांगू शकलो नाही, नाव गेलं, म्हणजे जलरंग, बासरी आणि त्यात हीही भर. त्यापेक्षा जीवनाला कंटाळलेला माणूस म्हणून वावरण्यात एक भारदस्तपणा होता. मी नुसतं "तसं काही नाही हो," म्हणत राहिलो. पुढे कळलं, की अशी माणसं हेच म्हणतात असं डॉक्टरांनी सगळ्यांना बजावून ठेवलं होतं.

मग पहारा सुरू झाला. मला एकटं सोडायचं नाही, असं ठरलं होतं. वहिनी भाजी निवडायला माझ्याकडे. डॉक्टर दोन रोग्यांच्या मधल्या वेळात येऊन माझा गाल बघायचे. सेक्रेटरी विनोद सांगायचे. ते ऐकून मात्र मला पहिल्यांदाच आयुष्याचा खराखुरा कंटाळा आला. मी वाचनालयात दुसरी प्रत बघायला निघालो तर चौघं बरोबर. बाथरूममध्ये जरा वेळ लागला तर बाहेरून, "साहेब, आहात ना?"

सर्वांत जास्त पाळ्या ऑडिटरांच्या. सेक्रेटरींची पाळी असली तरी हेच हजर. "त्यांना काम आहे," म्हणायचे, आणि खिडकीजवळच्या खुर्चीत येऊन बसायचे. चहा घ्यायचे. "साखर जास्त आहे," म्हणायचे आणि दुसरा कप मागायचे. माझ्याकडे टक लावून बघत राहायचे. माझं पुस्तक यांच्या घरात, हे माझ्या घरात, आणि रविवार जवळ येतोय, या विचाराने मला रक्तदाब वाढल्यासारखं व्हायचं. एकदा त्यांनी आपणहून विचारलं, "तुमच्याकडे रोज कोण कोण येतं?"

"हल्ली? अख्खी इमारत."

"त्याआधी म्हणतोय मी."

"बायको असतेच. वहिनी येतात, माझ्या चुका सांगायला. मुलीचा फोन. पेपर टाकणारा, त्याच्याशी माझं भांडण असतं रोज."

"हं," ते म्हणाले. "म्हणजे तुमचं ठीक आहे." आणि पुन्हा खिडकीबाहेर बघत बसले. मला वाटलं, आता पुस्तक परत देतील. कसलं काय.

शनिवारी बायको आली. वहिनींनी फोन करून बोलावून घेतलं होतं. जिन्यातच सगळ्यांनी तिला घेरलं. सगळं ऐकून घेतल्यावर ती जी हसत सुटली, ती पदर तोंडात कोंबूनही थांबेना.

"अहो, हे?" ती म्हणाली. "यांना इंजेक्शनची सुई दिसली तरी घाम फुटतो. यांना काही झालेलं नाही!"

वहिनींनी करुणेने तिचा हात धरला. "घरच्यांना शेवटपर्यंत कळत नाही गं."

आत आल्यावर मी तिला शपथ घातली, की वर्गाचं कोणाला सांगायचं नाही. तिने घरभर नजर फिरवली. घासलेली भांडी, भरलेले डबे, पुसलेल्या खिडक्या, आणि टाकीप्रमुख झालेला नवरा. "मी कशाला सांगू?" ती म्हणाली. "राहू दे अजून थोडे दिवस." संसाराला इतकी वर्षं झाल्यावर ही वागणूक.

रविवारी सकाळी मी इस्त्रीचा शर्ट घालून बाहेर पडलो. पुस्तक नाही तर नाही, निदान वर्गात जाऊन मॅडमची माफी मागावी, म्हटलं. दार उघडलं तर सगळे जिन्यात उभे. रविवार! मी 'रविवारी संपवायचंच' म्हणालो होतो, तो हाच रविवार. इस्त्रीचा शर्ट बघून वहिनींनी डोळ्यांना रुमाल लावला. मी चालायला लागलो. तेही चालायला लागले. मी वेग वाढवला, त्यांनीही वाढवला. अशा थाटात आम्ही शाळेच्या फाटकात शिरलो: पुढे मी, माझ्याजवळ हसू दाबत चाललेली बायको, मागे वहिनी, सेक्रेटरी, दातांचे डॉक्टर, आणि सर्वांत शेवटी बगलेत पिशवी घेतलेले ऑडिटर.

"काका, आज पाहुणे बरेच आणलेत," मॅडम म्हणाल्या. सगळे बालवर्गाच्या बाकांत स्वतःला कोंबून बसले. सेक्रेटरींचा एक पाय शेवटपर्यंत बाहेरच राहिला. मॅडमनी हातातल्या वहीत बघितलं आणि स्वच्छ आवाजात विचारलं, "चला, सुरुवात करू. आत्महत्या कोण करतंय? काका, तुम्ही ना?"

सेक्रेटरी ताडकन उठले. बाक त्यांच्याबरोबर उठलं. "मॅडम! हा शब्द यांच्यासमोर काढू नका! आम्ही महत्प्रयासाने यांना वाचवलंय!"

"वाचवलंय? अहो, मी यांना वाचायलाच सांगितलं होतं," मॅडम म्हणाल्या.

पुढचं सगळं उलगडायला फार वेळ लागला नाही. मॅडमनी वहीतली शिफारशीची यादी दाखवली, औषधाच्या दुकानदाराने साक्ष दिली, बायकोने उरलंसुरलं सांगून टाकलं. मग वहिनी म्हणाल्या, "म्हणजे भाऊजी, तुम्ही शाळेत जाता?"

हसण्याचा असा कल्लोळ त्या बालवर्गात बालकांनीही कधी केला नसेल. डॉक्टर एवढे हसले की त्यांच्या सगळ्या दाढा मला मोजता आल्या असत्या. मी कागदी सशाकडे बघत उभा राहिलो. पण वहिनींनी हसता हसता एकदम डोळे पुसले आणि म्हणाल्या, "नाही म्हणजे… बरं झालं. बरं झालं हो. मला रात्रंदिवस चैन नव्हतं." माझ्यासाठी या बाईने इतके दिवस धसका घेतला होता हे तेव्हा माझ्या ध्यानात आलं, आणि मला भरून आलं.

मॅडमना मात्र वर्ग चालवायचा होता. "काका, सांगा आता. पुस्तकात काय आहे, आणि कोणी वाचावं?"

"माझं पुस्तक जप्त झालं," मी म्हणालो. गृहपाठ न केल्याची कारणं मॅडमनी पुष्कळ ऐकली असतील, पण जप्तीचं पहिल्यांदाच ऐकत असाव्यात.

"वाईट वाटतं हो, पण नियम सगळ्यांना सारखा," त्या म्हणाल्या. "जो सांगणार नाही त्याचं नाव…"

"हरकत," मागून आवाज आला.

ऑडिटर उभे राहत होते. बाकातून सुटायला त्यांना बराच वेळ लागला. त्यांनी पिशवीतून माझं पुस्तक काढलं. पानापानात कागदाचे कपटे खोचले होते. "हे माझ्या ताब्यात होतं, त्यामुळे जबाबदारी माझी," ते म्हणाले. "मी तपासलं. पहिल्यापासून शेवटपर्यंत. बोललो तर चालेल?"

मॅडमनी मान हलवली.

"या गृहस्थांनी पुष्कळ आकडे मांडलेत. आकड्यांच्या बाबतीत मी सहजासहजी कोणाचं मान्य करत नाही. पण त्यांचं सांगणं असं दिसतं, की माणूस इतर माणसांत बांधलेला असला, घरादारात, आपल्या लोकांत, तर तो टिकतो. तो बंधच सैल झाला की धोका वाढतो. फार घट्ट आवळला तरी वाईट, असंही एक प्रकरण आहे. ते मी यांच्याकडे पहाऱ्याला बसून प्रत्यक्ष पाहिलं." लोक हसले. ऑडिटर हसले नाहीत. ते पुस्तकाकडे बघत राहिले.

"आम्ही सगळे यांच्यावर लक्ष ठेवून होतो," ते म्हणाले. "मी वाचत गेलो आणि मनात यांचा हिशोब मांडत गेलो. बायको आहे. मुलीचा फोन येतो. शेजारीण टोकते. पेपरवाल्याशी भांडण आहे. यांना काही होत नाही, हे मला तेव्हाच कळलं होतं. मग मी माझा हिशोब मांडला." त्यांनी पुस्तक मिटलं. "आमची ही गेल्यापासून माझं दार कोणी वाजवत नाही. चेंडू मागायला मुलं यायची, तर मी ओरडायचो. आता तीही येत नाहीत. यांना काही धोका नाही हे माहीत असूनही मी रोज पहाऱ्याला गेलो. दुसऱ्यांच्या पाळ्या मागून घेतल्या. मला तिथे बसायला बरं वाटायचं. एवढंच."

मॅडमनी हळूच विचारलं, "आणि हे पुस्तक कोणी वाचावं, असं तुम्हाला वाटतं?"

"ज्याच्याकडे कोणी येत नाही त्याने वाचावं," ऑडिटर म्हणाले. "पण त्याच्या शेजाऱ्याने आधी." आणि खाली बसले.

मॅडमनी वहीत काहीतरी लिहिलं. म्हणाल्या, माझं नाव राहील, पण पुढच्या रविवारी मी स्वतः वाचून यायचं. ऑडिटरांना विचारलं, तुम्ही नाव घालताय का? ते म्हणाले, विचार करून कळवू. परत येताना सगळे माझी थट्टा करत होते. सेक्रेटरींनी तर मला, हजेरी लागली का, डब्यात काय होतं, असं सगळं विचारून घेतलं. ऑडिटर एकटेच पुढे चालले होते.

सोमवारी पहारा रद्द झाल्याचं सेक्रेटरींनी जिन्यात जाहीर केलं. घर शांत झालं. मी पुस्तक उघडलं. पहिलं पान उलटलं, दुसरं वाचलं. दुपारी बायकोने चहा टाकला. खिडकीजवळची खुर्ची रिकामी होती. बायकोने तीन कप मांडले होते, तिने त्यातला एक परत उचलून ठेवला. मी म्हटलं, "थांब जरा," आणि वर गेलो.

बेल वाजवली. बराच वेळ काही नाही. मग आतून साखळी लावल्याचा आवाज, दार बोटभर उघडलं, आणि फटीत ऑडिटरांचा एक डोळा दिसला.

"काय काम आहे?"

"पहारा," मी म्हणालो.

"तो ठराव रद्द झालाय. मी स्वतः ऐकलंय."

"माझ्यावरचा रद्द झालाय. तुमच्यावरचा आजपासून सुरू. चला खाली, चहा निवतोय."

मला वाटलं, आता 'हरकत' म्हणणार. त्यांनी साखळी काढायला हात घातला, पण ती काही चटकन निघेना. "सवय नाही," आतून ते पुटपुटले. "थांबा. जाऊ नका."

"नाही जात," मी म्हणालो, आणि दाराला टेकून उभा राहिलो.